कढी फुटायच्या आत

आमच्या टाउनशिपमध्ये देवापेक्षा भोंगा मोठा होता. देव निदान विनंती ऐकून घेतो, नवसाला पावतो, कधीमधी उशीर झाला तर समजूनही घेतो. कारखान्याचा भोंगा कुणाचं ऐकत नसे. सकाळचा भोंगा झाला की भोपाळच्या तलावातले मासे दचकून उड्या मारत, टी. टी. नगरातल्या सरकारी बाबूंच्या हातातले चहाचे कप हिंदकळत, आणि तुलसी नगरात एका बाईला म्हणे कळाच सुरू झाल्या. हे सगळं बाबा सांगायचे, आणि बाबा माझ्या मानानं फारच सत्यवादी. भोंग्याबरोबर सायकलींचा लोंढा निघायचा आणि मागे उरायच्या त्या एकसारख्या पिवळ्या क्वार्टरांच्या रांगा. एकसारख्या म्हणजे किती? तर टाउनशिपमधली निम्मी माणसं आयुष्यात एकदा तरी दुसऱ्याच्याच घरात शिरून, चपला काढून, "चहा टाक गं" म्हणाली होती. आमच्या ओळीतले एक गृहस्थ तर जेवून, वामकुक्षी करून उठले आणि भिंतीवरचं कॅलेंडर वेगळं दिसलं तेव्हा त्यांना कळलं. कॅलेंडर नसतं तर ते तिथूनच रिटायर झाले असते.

आमचं घर मात्र अंधारातही ओळखता येई, कारण आमच्या घरात भांडणाचा विषय ठरलेला होता. आई ग्वाल्हेरची. तिच्या घराण्यात चार पिढ्यांनी महाराष्ट्र पाहिलेला नव्हता, पण अभिमान मात्र असा की जणू दिल्ली त्यांनीच घेतली आणि ठेवायला जागा नाही म्हणून परत केली. बाबा सांगलीचे, कारखान्यात हिशेब खात्यात बदलून आलेले. आईची कढी घट्ट, बेसन लावलेली, मेथीदाण्याची आणि अख्ख्या लाल मिरचीची फोडणी दिलेली. बाबांना हवी ती पातळ, आल्याची, चिमूटभर साखर घातलेली, वाटीतून प्यायची. आई म्हणे, "ही कढी आहे की फालतू पाणी? बिलकुल दम नाही." बाबा म्हणत, "तुझ्या कढीत पळी उभी राहते. कढीत पळी बुडली पाहिजे." त्यावर आई त्यांच्या पानात आपलीच कढी वाढी, आणि बाबा ती मुकाट्यानं संपवून वर आणखी मागत. लोकशाही म्हणजे काय, हे मी नागरिकशास्त्रात शिकण्याच्या पुष्कळ आधी जेवणाच्या पाटावर शिकले.

मोठी लोकशाही होती ती आमच्या मराठी मंडळात. मंडळात दोन जाती. एक 'इथले', म्हणजे इंदूर, उज्जैन, ग्वाल्हेरकडचे. त्यांचे पूर्वज घोड्यावरून आले होते. घोडा कुणी पाहिला नव्हता, पण तो प्रत्येकाच्या घरी पांढराच होता. दुसरे 'तिकडचे', म्हणजे बाबांसारखे बदलीच्या ऑर्डरवर आलेले. त्यांना वाटे, शुद्ध मराठी आपण डब्यात भरून आणली आहे आणि हे लोक तीत हिंदीचं पाणी घालतात. मतदान घेतलं तर मारामारी होईल म्हणून मंडळाच्या संस्थापकांनी एक थोर नियम केला होता: जे काही ठरेल ते सर्वानुमते. एकानं जरी नाही म्हटलं तरी विषय पुढच्या सभेपर्यंत स्थगित. परिणाम असा की मंडळानं स्थापनेपासून आजवर काही म्हणजे काही ठरवलेलं नव्हतं. गणपती दरवर्षी बसे तो केवळ देव असल्यामुळे. त्याला आमच्या ठरावाची वाट पाहायची सवय नव्हती.

आणि हा एक नकार देण्याचं काम दादासाहेब निगुडकरांनी आपणहून पत्करलं होतं. निगुडकर कारखान्याच्या स्टोअर्समध्ये अधिकारी. पंचवीसेक वर्षं त्या खिडकीत बसून, समोरच्यानं काहीही मागितलं तरी "नाही" म्हणायची त्यांच्या जिभेला इतकी सवय झाली होती की लग्नात भटजींनी विचारल्यावरसुद्धा त्यांनी आधी नाहीच म्हटलं, असं त्यांची बायको सांगे. उंचेपुरे, गोरेपान, नाक असं की त्याच्या सावलीत दोन माणसं बसावीत. ते सभेत उजवा हात छातीवर आडवा ठेवून बसत आणि विषय संपत आला की म्हणत, "माझा तत्त्वतः विरोध आहे." तत्त्व कुठलं, ते विचारायची छाती कुणाला नव्हती, कारण मग ते सांगत. सभेला बायकाही असत, म्हणजे मागच्या दाराशी. फराळ करायला, चहा द्यायला, कपबशा विसळायला. मत पुरुषांना, कपबशा बायकांना, अशी व्यवस्थित वाटणी होती.

अशा या मंडळाच्या हातात त्या वर्षी आमच्या शेजारच्या नलूकाकूंचं नशीब येऊन पडलं. काका कारखान्यात ओतशाळेत होते. दणकट माणूस. एका रविवारी जेवून पलंगावर टेकले ते उठलेच नाहीत. साहेबांनी फार हळहळून पत्र पाठवलं आणि त्याच पत्राच्या शेवटी क्वार्टर कधी सोडणार, तेही विचारलं. काकूंना मूलबाळ नव्हतं. सातारकडे दीर होते. त्यांना वहिनींविषयी एकाएकी अपार माया दाटून आली होती. त्यांच्याकडे दोन म्हशी, अंथरुणाला खिळलेली सासू आणि चार पोरं होती, आणि नुकतीच मोलकरीण काम सोडून गेली होती. दर आठवड्याला त्यांचं पत्र यायचं, "आपलंच घर समजून या." काकू ते पत्र वाचून घडी घालायच्या आणि आमच्या ओट्यावर येऊन कोथिंबीर निवडत बसायच्या. अशीच कोथिंबीर निवडताना त्या एकदा आईला म्हणाल्या, "मी इथे ब्रह्मचारी पोरांना डबे देते, माझं भागतंय. मला तिकडे नका हो जाऊ देऊ. मंडळाच्या हॉलमागे त्या दोन खोल्या आहेत. मी हॉल झाडीन, सभेचं सगळं बघीन. एवढं झालं तर मी इथेच मरेन." "मरायचं काय घेऊन बसलात," आई म्हणाली, "आधी राहायचं बघू."

खोल्या रिकाम्या होत्या, म्हणजे जवळजवळ. तिथे टेबल टेनिसचं एक टेबल राहत होतं. ते निगुडकरांनीच कुठूनसं मंडळाला मिळवून दिलं होतं. त्याला जाळी नव्हती, बॅटी नव्हत्या, आणि त्याच्यावर आजवर गहू वाळवण्यापलीकडे कुठलाही खेळ झालेला नव्हता. पण काकूंचा विषय सभेत निघाला की निगुडकरांचा हात छातीवर जाई. "उद्या मंडळातून एखादा खेळाडू निघाला तर? माझा तत्त्वतः विरोध आहे." विषय स्थगित. पुढच्या सभेत पुन्हा स्थगित. क्वार्टर सोडायची मुदत जवळ येत होती आणि काकूंनी पत्र्याची ट्रंक भरून दाराशी आणून ठेवली होती. आमच्या घरी जाता-येता ती ट्रंक पायाला लागायची. बाबा मंडळाचे चिटणीस. त्यांना त्या दिवसांत जेवण गोड लागत नसे. आईच्या कढीलासुद्धा ते नावं ठेवीनात, तेव्हा मला खरी काळजी वाटायला लागली.

आणि मग घोषालबाबू अवतरले. लांब केस, खांद्याला झोळी, चपलेचा एक पट्टा सुतळीनं बांधलेला. दिल्लीच्या कुठल्याशा सरकारी खात्यासाठी ते एक छोटा, काव्यमय माहितीपट काढत होते. विषय: रीतिरिवाज, परंपरा आणि समाजाचा एकत्रित निर्णय. त्यासाठी ते आधी डोंगरातल्या एका पाड्यावर गेले होते. तिथली वडीलधारी मंडळी रीतीप्रमाणे मोहाच्या झाडाखाली जमली, त्यांनी घोषालबाबूंचं सगळं म्हणणं शांतपणे ऐकून घेतलं, आपसांत विचार केला, आणि एकमुखानं निर्णय दिला की या माणसानं परत जावं. इतका जिवंत सामूहिक निर्णय जगात कुठल्या दिग्दर्शकाला मिळाला नसेल, पण हे बिचारे तेव्हा कॅमेरा जीपमध्ये भरत होते. उरलेली फिल्म आणि उतरलेलं तोंड घेऊन ते आमच्या टाउनशिपमध्ये मेहुण्याकडे आले. जी. एम. साहेबांना वाटलं, कारखान्याचं नाव होईल. त्यांनी बाबांना बोलावलं: तुमच्यात म्हणे सगळं सर्वानुमते चालतं, यांना जरा जेवायला घाला आणि दाखवा.

जेवायला आईनं कढी केली होती, अर्थात तिची. घोषालबाबू पाटावर मांडी घालून बसले, पहिला घास घेतला, डोळे मिटले आणि विचारलं, "बर्वे जी, आप लोग फैसला कैसे करते हैं? मतलब कोई रीत? पुरखों की कोई परंपरा?"

बाबा खरं बोलायच्या बेतात होते. तो त्यांचा जुना आजार. "वैसे तो हम फैसला करते ही…" एवढं त्यांनी म्हटलंही. मी तेव्हा मॅट्रिकच्या वर्गात, वाढायला उभी. समोर उघड्या दारातून शेजारची ती ट्रंक दिसत होती. मला काय झालं देव जाणे, माझ्या तोंडून निघालं, "कढ़ी से।"

"क्या?"

"हमारे यहाँ फैसला कढ़ी से होता है, दादा।" एकदा तोंड उघडलं की पुढचं आपोआप येतं, हा शोध मला त्या क्षणी लागला आणि त्यावर मी आजवर जगते आहे. मी सांगत सुटले. सभेच्या मधोमध सिगडी पेटवतात. सिगडीवर पातेलं. पातेल्यात ताक. सगळे गोल बसतात. कढी उकळून फुटायच्या आत निर्णय झालाच पाहिजे आणि तो सगळ्यांचा मिळून झाला पाहिजे. फुटली, तर वर्षभर त्या समाजात लग्न जमत नाही, गाई आटतात, विहिरी खारट होतात. झाला निर्णय, तर तीच कढी सगळ्यांनी एकत्र प्यायची. पूर्वी युद्धाला जायचं की नाही, तेसुद्धा असंच ठरे. शत्रू वेशीवर येऊन थांबत, म्हणे, आधी यांची कढी होऊ द्या.

बाबांना जोराचा ठसका लागला. घोषालबाबूंचा हात तोंडाशी जायच्या ऐवजी हवेतच राहिला आणि कढी मनगटावरून कोपरापर्यंत ओघळली. "अद्भुत," ते पुटपुटले. मी स्वयंपाकघराच्या दाराकडे पाहिलं. आता आई येऊन सगळ्यांसमोर माझा कान पिळणार. आई आली, पण तिच्या हातात पोळी होती. ती घोषालबाबूंच्या पानात वाढत शांतपणे म्हणाली, "और पळी वो चलाता है, जिसका मामला हो। वो कुछ नहीं बोलता। बस चलाता रहता है।"

ते गेल्यावर बाबांनी हात धुतले, पुसले, पुन्हा धुतले. "शशी, हे काय होतं?"

उत्तर आईनं दिलं. "परंपरा."

"कधीपासूनची?"

"आजपासूनची. भांडी घासायला घे गं शशे."

मंडळाची खास सभा भरली. जी. एम. साहेबांची चिठ्ठी आली होती की मंडळाच्या प्राचीन कढी-परंपरेवर सिनेमा निघणार असून साहेबांना त्याचा अभिमान आहे. साहेबांना अभिमान आहे म्हटल्यावर ही परंपरा सगळ्यांना पटापट आठवू लागली. ग्वाल्हेरच्या एका काकांना आठवलं की त्यांच्या पणजोबांनी अशाच कढीवर आपला पांढरा घोडा विकला होता. इंदूरकडच्यांना आठवलं की मूळ रीत त्यांची, ग्वाल्हेरनं ती उसनी नेली. एका कोकणातल्या सज्जनांना तर आठवलं की अस्सल रीत सोलकढीची आहे, बाकी सगळे भ्रष्ट प्रकार. मी चहाचा ट्रे घेऊन उभी, आणि माझंच पोर लोकांच्या कडेवर खेळताना बघत होते. सबंध सभेत खरं बोलणारा माणूस एकच निघाला. "हे थोतांड आहे," निगुडकर म्हणाले. "असलं काही नव्हतं आणि नाही. माझा तत्त्वतः विरोध आहे."

सभा गार पडली. आई त्यांना चहा द्यायला वाकली आणि फक्त त्यांना आणि सगळ्या सभेला ऐकू जाईल इतक्या हळू आवाजात म्हणाली, "तुमचं बिलकुल बरोबर आहे दादासाहेब. तुम्ही पडूच नका यात. घोषालबाबू म्हणत होते, पटापट हो म्हणतात त्यांचं काय एवढं! जो शेवटपर्यंत अडून बसतो आणि मग ज्याचं मन वळतं, कॅमेरा सबंध त्याच्यावर. मोठा चेहरा, पडदाभर. पण तुमच्यासारख्या माणसानं कशाला ती नाटकं करावीत?"

घोषालबाबू असं काही म्हणाले नव्हते. पण संध्याकाळपर्यंत म्हणाले. आई त्यांना डबा पोचवायला गेली होती.

दुसऱ्या दिवशी निगुडकरांनी निरोप पाठवला की समाजहितासाठी ते आपला विरोध चित्रीकरणापुरता मागे घेत आहेत, मात्र चित्रीकरणात ते विरोध करतील. राहिला विषयाचा प्रश्न. घोषालबाबू हटून बसले होते, "सवाल सच्चा होना चाहिए।" सगळे डोकं खाजवू लागले. तेव्हा बाबा, ज्यांनी आयुष्यात कधी कुणाला कोपरखळीही मारली नव्हती, चष्मा पुसत म्हणाले, "स्थगित विषय तर आपल्याकडे पुष्कळ आहेत. पण पळी चालवायला बाईमाणूस असलं तर फोटोत बरं दिसेल. तो खोल्यांचा विषय घेतला तर?" घ्या की, मंडळी म्हणाली. नाही तरी खोटंखोटंच आहे. फक्त नलूकाकूंना आईनं खोटंखोटं असं सांगितलं नाही. त्यांना सांगितलं, उद्या तुमची सभा आहे, वरण-भात खाऊन या, पळी फार वेळ धरावी लागेल.

ती सकाळ मी शंभर वेळा सांगितली आहे आणि दर वेळी तिच्यात काहीतरी भर पडली आहे. एकदा तर मी तिच्यात उंटही घातला होता. खरं एवढंच की हॉलमागच्या कडुनिंबाखाली आमची पुरुष मंडळी गोलात बसली होती आणि ओळखू येत नव्हती. घोषालबाबूंनी पँट-शर्टला, मनगटी घड्याळांना बंदी केलेली. धोतरं कुणाकडे नव्हती, म्हणून बायकांच्या पांढऱ्या साड्या फाडून, नेसवून, एकेकाला खाली बसवलं होतं आणि ताकीद दिली होती की काही झालं तरी उठायचं नाही. निगुडकर रेशमी उपरणं पांघरून, तोंडाला पावडर लावून आले होते. इतकी की शेजारचा माणूस शिंकत होता. मधोमध सिगडी, तिच्यावर भलंमोठं पातेलं, आणि त्याच्याशी नलूकाकू. कढी आईनं स्वतः लावली होती, आणि तिच्यात बेसन असं सढळ हातानं घातलं होतं की त्या कढीवर पूल उभा राहिला असता. बेसन लावलेली कढी सहजासहजी फुटत नाही. हे मागच्या दाराशी उभ्या असलेल्या प्रत्येक बाईला ठाऊक होतं. गोलात बसलेल्या एकाही पुरुषाला ठाऊक नव्हतं. ते बिचारे पातेल्याकडे बॉम्बकडे बघावं तसे बघत होते. फिल्म थोडीच उरली आहे, कढी फुटली तर सगळं संपलं, असं घोषालबाबूंनी बजावलेलं.

"माझी संमती आहे." "माझी आहे." "आमचीही." गोल फिरत संमती निगुडकरांपाशी आली. पहिल्या खेपेला त्यांनी इतका वेळ आकाशाकडे पाहिलं की कॅमेरावाल्याचा हात अवघडला. दुसऱ्या खेपेला त्यांनी हात वर केला आणि नेमकी त्याच क्षणी एक म्हैस गोलात येऊन बसली, अगदी सभासद असल्यासारखी. तिसऱ्या खेपेला भोंगा झाला आणि सवयीनं सगळी सभा उठून सायकलींकडे पळाली, त्यात दोघांच्या साड्या सुटल्या. चौथ्यांदा सगळे पुन्हा बसले. ऊन चढलेलं. कुणाच्या अंगात आता नाटक करायचं त्राण उरलं नव्हतं. काकूंनी मात्र एकदाही पळी थांबवली नव्हती. म्हैस आली तेव्हा नाही, भोंगा झाला तेव्हा नाही.

संमती पुन्हा फिरत निगुडकरांपाशी आली. त्यांनी पाठ केलेलं वाक्य होतं, चांगलं लांबलचक, त्यात 'पूर्वज' हा शब्द दोनदा येत होता. त्यांनी तोंड उघडलं आणि काकूंनी धुरानं लाल झालेले डोळे वर करून त्यांच्याकडे पाहिलं. विनवणी नव्हती त्या बघण्यात. त्या फक्त वाट पाहत होत्या, रेशनच्या रांगेत आपला नंबर येईपर्यंत बायका पाहतात तशी. निगुडकरांचा छातीवरचा हात सुटला. तालमीत बसवला होता तसा तो वर गेला नाही. उंच फळीवरचं काहीतरी काढून द्यायला जावं, तसा चाचपडत गेला. आणि सगळं पाठांतर विसरून ते खालच्या आवाजात म्हणाले, "राहू दे तिला."

यात मी काही घातलेलं नाही. उंट घालते, हे नाही.

कढी सगळ्यांनी मिळून प्यायली. निगुडकरांनी दोनदा घेतली. दुसऱ्या सकाळी आम्ही बायका-मुलींनी ते टेबल उचलून व्हरांड्यात नेलं, काकूंची ट्रंक खोलीत आणली, आणि दुपारच्या आत निगुडकर पूर्ववत होऊन हजर. पावडर धुतली गेली होती. "हा काय प्रकार आहे बर्वे? ते शूटिंग होतं! नाटकात लग्न लागलं म्हणून कुणी नवरा होतो का?"

"पण तुम्ही सगळ्यांसमोर म्हणालात," बाबा म्हणाले.

"कॅमेऱ्यासमोर म्हणालो!"

आता इथे माझ्या सत्यवादी बाबांनी पुन्हा कमाल केली. म्हणाले, "मग आपण सिनेमाची वाट बघू. सिनेमात निर्णय झालेला दिसला, तर झाला. नाही दिसला, तर काकू सातारला जातील." निगुडकर क्षणभर घुटमळले. नाही म्हणावं, तर सिनेमात आपण नाही असं कबूल केल्यासारखं होतं. "ठीक आहे," ते म्हणाले. "तोपर्यंत टेबलावर ताडपत्री घाला."

पुढचे महिने काकू त्या खोल्यांत पाहुण्यासारख्या राहिल्या. स्टोव्ह एक, पातेली दोन, ट्रंक बंद. वरच्या वर ठेवलेल्या दोन साड्या आलटून पालटून नेसत. भिंतीला खिळा असून काकांचा फोटो ट्रंकेतच. मी एकदा म्हटलं, "काकू, निदान फोटो तरी लावा." त्या म्हणाल्या, "लावून काढायचं म्हणजे त्यांना दोनदा घराबाहेर काढल्यासारखं होतं गं." सातारची पत्रं येतच होती. आता त्यांत म्हशी तीन झाल्या होत्या.

आणि एके दिवशी सिनेमा आला. क्लबच्या हॉलमध्ये चादर ताणली, पुढच्या रांगेत जी. एम. साहेब, मागे सगळं टाउनशिप, बायका आपापल्या नवऱ्यांना बघायला नटूनथटून आलेल्या. दिवे गेले. पडद्यावर धुराडं दिसलं. बराच वेळ धुराडंच दिसलं. मग एक गळका नळ. थेंब पडला. थांबून दुसरा पडला. मग म्हैस, आमची तीच, सबंध पडदाभर, विचारमग्न. मागून एक खोल आवाज म्हणाला, "लोहे के इस नगर में समय भी कभी-कभी बैठकर साँस लेता है।" म्हशीनं श्वास घेतला. लोक खुर्च्यांत चुळबुळू लागले. माणसं कुठे आहेत? आमच्या सभेतले गोलातले चेहरे मिळून जेमतेम एक डोळा, तीन मिशा आणि इंदूरच्या काकांच्या पायाचा अंगठा एवढेच दिसले. काकांच्या घरच्यांनी अंगठ्याला टाळ्या दिल्या. आणि घोषालबाबूंनी, काव्य असल्यामुळे, बोलणं सगळं काढून टाकलं होतं! ओठ हलत होते, शब्द एक नाही. मी बाबांकडे पाहिलं. ते अंधारात चष्मा पुसत होते. काकू सगळ्यात मागे, दाराशी उभ्या होत्या, निघायला बरं म्हणून.

पडद्यावर वाफ आली. वाफेत एक बांगडी नसलेलं मनगट, आणि पळी. गोल गोल. त्या मनगटावरचा भाजल्याचा जुना डागसुद्धा दिसत होता. मग निगुडकर. पडदाभर, आईनं सांगितलं होतं तसे. ते नाक, ते पाणावलेले डोळे. धुरानं की कशानं, ते त्यांनाच ठाऊक. छातीवरचा हात सुटला आणि चाचपडत, सावकाश, वर वर गेला, चादरीच्या काठाबाहेर गेला. ओठ हलले. आणि तो खोल आवाज म्हणाला, "और जो पत्थर था, उसने भी हाँ कह दी।"

दिवे लागले. हॉलमध्ये टाचणी पडली असती तरी भोंग्यासारखी वाजली असती. जी. एम. साहेब उठले, चालत निगुडकरांपर्यंत गेले आणि तोच हात आपल्या दोन्ही हातांत घेतला. "निगुडकर जी, कमाल है। इतना बड़ा दिल!" सगळं टाउनशिप उभं राहून टाळ्या वाजवत होतं. निगुडकरांनी सगळीकडे पाहिलं, माझ्या आईकडेही पाहिलं. नाटक होतं म्हणावं तर हातातली कमाई जात होती. त्यांनी खास सिनेमासाठी पांघरून आणलेलं ते उपरणं सावरलं. "क्या करें साहब," ते म्हणाले, "हमारी परंपरा है।"

दुसऱ्या दिवशी काकूंनी ट्रंक उघडली. पितळी डबे मांडले, फोटो लावला, आणि ती रिकामी ट्रंक उलटी करून तिचा पाट केला. टेबल टेनिसचं टेबल कुठे गेलं म्हणाल, तर त्याच्या फळ्यांची काकूंना मांडणी झाली.

पुढच्या सभेला, सिनेमात दाखवलंय म्हटल्यावर, सिगडी पेटवणं भागच होतं. विषय गणपतीच्या लाउडस्पीकरचा. ज्याचा मामला, तो पळी चालवणार, पण लाउडस्पीकरला हात नसल्यामुळे त्या दिवशी पळी काकूंकडेच आली. संमती फिरत निगुडकरांपाशी पोचली आणि त्यांचा हात सवयीनं छातीकडे निघाला. "माझा तत्त्वतः…" काकूंनी फक्त पळी बाहेर काढली, पातेल्याच्या काठावर ठोकली आणि कढीवर झाकण ठेवलं. अख्ख्या सभेची भूक एकदम निगुडकरांकडे वळली. "…पाठिंबा आहे," निगुडकर म्हणाले.

काकू त्या खोल्यांत किती राहिल्या? कारखान्यातून माझे बाबा रिटायर झाले, निगुडकर गेले, माझं लग्न झालं, मुलं मोठी झाली, आणि काकू तिथेच. शेवटही तिथेच, त्यांच्या मनासारखा. आता मी भोपाळातच, अयोध्या नगरात मुलाच्या घरी राहते. टाउनशिप ओस पडत चाललंय. भोंगा दमेकऱ्यासारखा वाजतो. पण मंडळ आहे, आणि सभेला अजून कढी लागते. परवा मला सन्मानानं नेलं होतं. एक तरुण मुलगी, केस आखूड, मोबाईलवर माहितीपट करत होती. सामूहिक निर्णयप्रक्रियेवर, म्हणाली. गोलात बसलेले सगळे तिला ठासून सांगत होते की ही रीत त्यांच्या घराण्यातूनच आली. खोलीच्या भिंतीवर खिळ्याला काकूंची पळी टांगलेली, दांडा झिजून बारीक झालेला. मुलीनं मोबाईल माझ्याकडे वळवला.

"आजी, ये ट्रेडिशन किती जुनी आहे? कोई म्हणतं तीनशे वर्षं."

मी पळीकडे पाहिलं. "तीनशे?" मी म्हटलं. "कुणी सांगितलं? साडेचारशे. आणि बाकी काहीही बदला बेटा, ताक बदला, सिगडीच्या जागी गॅस आणा, पण एक बदलता येत नाही. ज्याचा मामला, पळी त्याच्या हातात. आणि बेसन जरा जास्त घालायचं. हे मात्र पुरुषांना सांगू नकोस."